गोपिकाताईंची गोधडी

दुपारच्या झोपेत पोटातलं बाळ हललं आणि ऋतुजा हसतच जागी झाली. मग आठवलं, हे बाळ आपलं नाही. हसू मावळलं.

आधी नोकरी, मग स्कूटी, मग स्वतःचं घर, असा तिचा बेत होता. त्यात पाळणा कुठेच बसत नव्हता. बुटीबोरीच्या कारखान्यात नोकरी लागते न लागते तोच दिवस गेले. मूल नको, हे तिने सरळ सांगून टाकलं. दवाखान्यात जायचं ठरलंही होतं. तेव्हा मोठ्या जाऊबाई गोपिकाताई तिच्या दारात येऊन उभ्या राहिल्या. लग्नाला इतकी वर्षं होऊन त्यांची कूस उजवली नव्हती.

"तुले नको ना? मले दे," एवढंच त्या म्हणाल्या.

ऋतुजा सुटल्यासारखी हो म्हणाली. घरच्यांनीही मान्य केलं.

त्याच आठवड्यात ताईंनी गोधडी शिवायला घेतली. बाळाची पहिली गोधडी आईने नेसून मऊ केलेल्या साड्यांचीच हवी, त्या वासावर बाळ आईला ओळखतं, अशी घरातली रीत. आता आई ताई होणार, म्हणजे साड्याही त्यांच्याच, हे ऋतुजाने गृहीत धरलं. ताई गोधडी चादरीखाली झाकून शिवत, पुरी होईपर्यंत कोणाला दाखवत नसत. मध्येच एकदा त्यांनी ऋतुजाचं कपाट आवरून दिलं आणि जुन्या साड्या नेल्या, भांडेवालीकडून पातेलं घेते म्हणून. पातेलं काही आलं नाही. ऋतुजाने विचारलंही नाही.

तिचं हल्ली लक्षच नसायचं. मनीषनगरच्या घराच्या गॅलरीत ती संत्रं सोलत बसे आणि आत कोणीतरी हळूच कूस बदले. कारखान्याच्या बसमध्ये ती ओठ न हलवता पोटाशी बोले. डोळा लागला की एक चिमुकली मूठ तिचं बोट धरे आणि सोडतच नसे. या बाळावर कधी जीव जडला, तिचं तिलाच कळलं नाही.

आज तिने मन घट्ट केलं आणि मागच्या खोलीत गेली. ताई शेवटचा दोरा तोडत होत्या.

"ताई, मले माफ करा. मी बाळ नाही देऊ शकत."

ताईंनी सुई रिळात खोचली.

"काहून रडून राहिली वं?" त्या म्हणाल्या, आणि चादर बाजूला करून गोधडी तिच्या मांडीवर ठेवली.

हळदीची पिवळी साडी. कॉलेजच्या निरोपाची मोरपिशी. पहिल्या संक्रांतीची काळी. ऋतुजाने गोधडी उलटून पाहिली, पुन्हा सुलटी करून पाहिली. ताईंच्या साडीचा एकही तुकडा त्यात नव्हता.