रस्त्यावरची फिल्म

खाणीच्या फाटकापाशी बस अडवून गार्डने करिष्माच्या पिशवीतला डबा काढला आणि आतली फिल्म भर उन्हात ओढली.

"इथी फोटो काढणं मना आहे, माहीत नाई काय? उजेड लागला. झाली खराब!"

 या फिल्मला कॅमेरा लागलाच नव्हता. पळसफुलांचं पाणी, धानाचा कोंडा आणि डोंगराखालच्या नाल्याचा लाल गाळ यांत करिष्माने ती उन्हाळाभर मुरवली होती. जे डाग पडले, तेच चित्र. उजेडाने तिचं काही बिघडणार नव्हतं.

गार्डने चिडून फिल्म रस्त्यावर भिरकावली. तेवढ्यात खनिजाने भरलेला डंपर आला आणि तिच्यावरून गेला.

करिष्मा फाटलेल्या तुकड्यांकडे धावली. आज गडचिरोलीला पहिल्यांदाच तिची फिल्म दाखवणार होते. सोबत निघालेली सुकरीआत्या बसमधून उतरली ती सरळ रस्त्याच्या मधोमध जाऊन उभी राहिली. समोरून दुसरा डंपर येत होता. हॉर्न वाजत राहिला. आत्या हलली नाही. डंपर थांबला.

"उचल पोरी," ती मागे न बघता म्हणाली. "तुकडा न् तुकडा उचल. मी आहो इथी."

करिष्माने तुकडे ओढणीत गोळा केले. गडचिरोलीला पोचल्यावर ते चिकटपट्टीने जोडले. धूळसुद्धा पुसली नाही.

संध्याकाळी जुन्या प्रोजेक्टरवर फिल्म लागली. पडद्यावर पळसाचा केशरी रंग पसरला, मग नाल्याचा लाल. फिल्म मुकी होती. करिष्माने तिला आवाज दिलाच नव्हता.

आणि एकाएकी स्पीकरमधून घरघर सुरू झाली. मग दणके. खुर्च्या थरथरल्या. लोकांनी कानांवर हात ठेवले. फिल्मच्या कडेला, जिथे आवाजाची पट्टी असते, तिथे डंपरच्या टायरखाली गिट्टीने ओरखडे काढले होते. प्रोजेक्टर तेच वाजवत होता.

आयोजक धावत आले. "अहो, बंद करा तो आवाज! लोकांना त्रास होतोय."

करिष्माने बटणाला हात लावला आणि आवाज वाढवला.

"आमच्या गावात हा रोज येते, भाऊ," ती म्हणाली. "तिथी बंद कराले बटण नाई."