सातवा टेक

"बाबा, मला हे लग्न नको," काचेपलीकडच्या खोलीत ती माइकसमोर म्हणाली. तोवर पडद्यावरच्या नवरीचे ओठ केव्हाच मिटले होते.

डबिंग दिग्दर्शकाने कपाळाला हात लावला. गुजराती सिनेमा मराठीत यायचा होता आणि तो विनोदी होता. लग्न तोंडावर आलेलं असताना नवरी चहा पिणाऱ्या बापासमोर हे वाक्य फाडकन टाकते आणि लोक हसतात, हे त्याने तिला चौथ्यांदा समजावलं. तिने मान डोलावली.

रेकॉर्डिस्टच्या मागे तिचे वडील बसले होते. रविवारी तिचं लग्न होतं. पाचच्या आत शिंप्याकडून कपडे आणायचे म्हणून ते तिला न्यायला आले होते. मुलीचं काम त्यांनी कधी पाहिलं नव्हतं. लग्नानंतर ती ते सोडेल, असा शब्द मात्र मुलाकडच्यांना परस्पर देऊन टाकला होता. तिने दोनदा हा विषय काढला होता, दोन्ही वेळा त्यांनी तो हसण्यावारी नेला.

तेवढाच वेळ जाईल म्हणून रेकॉर्डिस्टने एक हेडफोन त्यांच्या हाती दिला.

पाचवा टेक झाला. सहावा झाला. शब्द तेच, आवाज मात्र दर वेळी खाली उतरत गेला. वडिलांचं सारखं घड्याळ बघणं थांबलं.

"अगं, जरा मजा आण त्यात," दिग्दर्शक वैतागून म्हणाला. "तू खरंच सांगतेयस असं वाटतंय."

ती काचेतून बघत होती, पण त्याच्याकडे नाही. पडद्यावर नवरी पुन्हा आली. या वेळी तिने तिकडे पाहिलंच नाही.

"बाबा, मला हे लग्न नको."

दिग्दर्शकाने तिच्याशी बोलायला समोरच्या बटणांकडे हात नेला. वडिलांनी त्याचं मनगट धरलं. आत बोलायचं बटण कुठलं, असं त्यांनी रेकॉर्डिस्टला हळूच विचारलं. त्याने बोटाने दाखवलं.

ते वाकले. त्यांनी बटण दाबलं.

"परत म्हणू नकोस, बाळा. मला ऐकू आलं. मुलाकडच्यांना मी कळवतो."

आत तिने हेडफोन काढला नाही. दोन्ही हातांनी तो कानांवर घट्ट दाबून धरला.