ना हरकत

वकिलांनी वाचन थांबवून कागद टेबलावर ठेवले. पंख्याच्या वाऱ्याने प्रतिज्ञापत्राचे पान अर्धवट उचलले जाई आणि पुन्हा जागच्या जागी पडे. टेबलाच्या अलीकडे ताई, तिच्या शेजारी आई. पलीकडे मास्तर, म्हणजे ताईचा धाकटा भाऊ आणि तोच या खटल्यातला आरोपी. तिघांच्या नजरा टेबलावर तीन निरनिराळ्या जागी पडून होत्या, कोणीतरी विसरून गेलेल्या वस्तूंसारख्या.

अडीच वर्षांपूर्वी एक संमतीपत्र उजेडात आले. त्यात आईने राहते घर मास्तरांच्या नावे केले होते आणि खाली तिची सही होती. ही सही माझी नाही, असा जबाब आईने पोलिसांत दिला. ताईने फिर्याद नोंदवली. अक्षरांची वळणे मास्तरांच्याच हाताची आहेत, असे हस्ताक्षरतज्ज्ञाने कळवले आणि शाळेने त्यांना निलंबित केले. आज ताईने न्यायालयात ‘हरकत नाही’ म्हटले, तर खटला रद्द होऊन मास्तर पुन्हा वर्गात उभे राहणार होते. नाही म्हटले, तर नोकरीची उरलेली चार वर्षे तारखांमागून तारखा घेत संपणार होती.

“संमतीपत्र रद्द, घर पुन्हा आईंचं,” वकील म्हणाले. “गैरसमजातून वाद झाला होता, तो आपसात मिटला. एवढंच लिहिलंय.”

“गैरसमज?” ताईचा आवाज चढला. “याने चुकलो म्हणायचं. इथे, आईसमोर.”

“बाई, कबुली कागदावर आली तर सगळंच मुसळ केरात.”

“कागदावर नकोच. तोंडाने म्हणू दे.”

“मला काही विचारतील का हो तिथे?” आईने मध्येच विचारले.

“नाही आई. फिर्यादी ताई आहेत. विचारतील ते त्यांनाच.”

आईने हातरुमालाची घडी मोडली आणि पुन्हा घातली. गेली अडीच वर्षे ती ताईकडेच राहत होती. लेकाने केलेल्या दगलबाजीने आईची मान खाली गेली ती गेलीच, असे ताई येणाऱ्याजाणाऱ्याला सांगत असे.

“अंगठा उठवणाऱ्या आईला सही करायला तूच शिकवलंस,” ताई मास्तरांना म्हणाली. “महिनाभर हात धरून गिरवून घेतलीस. मी कौतुकाने गावभर सांगत होते रे! बाबा अंथरुणाला खिळले, तेव्हा नोकरी सोडून सहा वर्षं मी त्यांचं केलं. आणि मला वगळून आई सगळं घर तुला देईल? हे लोकांना पटेल असं वाटलं तरी कसं तुला? आई, तूच सांग.”

“जाऊ दे ना आता,” आई पुटपुटली.

“बघा! अजूनही याचीच कड.”

वकिलांनी घड्याळ पाहिले. “मास्तर, आयुष्यभर पोरांच्या वहीत चुका काढल्यात. आज एक स्वतःची म्हणून टाका आणि मोकळे व्हा.”

मास्तर उभे राहिले. शिक्षा म्हणून वर्गात उभे केलेल्या मुलासारखे, हात मागे बांधून.

“चुकलो, ताई,” ते म्हणाले. मात्र म्हणताना त्यांनी पाहिले ते आईकडे. आईने डोळे मिटून घेतले.

न्यायालयात पुढचे सारे चार मिनिटांत आटोपले.

“तुमच्यावर कोणाचा दबाव?” न्यायमूर्तींनी विचारले.

“नाही.”

“मनापासून मिटवताय?”

ताईने वळून पाहिले. भावाच्या सदऱ्याची कॉलर झिजून पांढरी पडली होती. मग न्यायमूर्तींकडे वळून ती म्हणाली, “मनापासून. माझी हरकत नाही.”

मास्तरांना कोणी काही विचारले नाही. गुन्हा रद्द झाला आणि पुढच्या प्रकरणाचा पुकारा झाला.

बाहेर व्हरांड्यात ताई क्षणभर थांबली. “आदेशाची प्रत शाळेत मी स्वतः नेऊन देईन,” ती मास्तरांना म्हणाली. “पण घरी येऊ नकोस. अजून नको. तुला पाहिलं की आईला लाज वाटते.” मग प्रतीसाठी अर्ज द्यायला ती वकिलांबरोबर खिडकीकडे गेली.

बाकावर आई आणि मास्तर उरले. अडीच वर्षांत पहिल्यांदाच दोघे एकटे होते.

“वाळलास रे,” आई म्हणाली.

“आता वयच झालं, आई.”

समोरून काळ्या कोटांची एक रांग गेली. आईने ती सरू दिली. मग तिने मास्तरांची बाही धरली.

“तिने तो कागद माझ्यापुढे धरला तेव्हा धीरच झाला नाही रे मला. आता तरी सांगू का तिला, सही मीच केली होती म्हणून?”

मास्तरांनी बाहीवरचा तो हात हळूच सोडवला, तिच्याच मांडीवर नीट ठेवला, आणि ते जिना उतरू लागले.