साहेब येईपर्यंत

वडवणीत साहेबांच्या वाढदिवसाची पोरींची बेसबॉल फायनल होती. बरोबरी झाली म्हणून ज्यादा डाव सुरू झाला. समोरचा संघ शून्यावर गेला, आता एक धाव की सामना खिशात, आणि तलवाड्याच्या उज्ज्वलानं पहिल्याच चेंडूवर होमरन ठोकला. चेंडू थेट पलीकडच्या तुरीत. पोरी नाचायला लागल्या, तर पंच हरिओम म्हणाला, "धरता येत न्हाई. माझं ध्यान नव्हतं."

"मंग कुठं होतं?" उज्ज्वलानं विचारलं.

"रस्त्याकडं. साहेब यायचेत अजून. सामना आत्ताच संपला तर कप कोण देणार, तुझा बाप?"

झालं. त्यानंतर जी पोरगी धाव काढील ती बाद. डावामागून डाव. पोरींचे तळहात सोलून निघाले, अन् सावलीत बसलेला आयोजक रविराज माइकवर खेकसत होता, "अमेरिकेत प्लेऑफचा सामना अठरा डाव चालला होता. आपण त्यांच्याबी पुढं चाललोत!"

"सर, आमची शेवटची एसटी जाईल," उज्ज्वला म्हणाली.

"इथं विक्रम व्हायलाय अन् तुला एसटीचं पडलंय?"

दिवस कलल्यावर रविराजचा फोन वाजला. साहेब आष्टीहून परस्पर मुंबईला गेले होते. रविराज हरिओमच्या कानाला लागला. हरिओमनं लगेच हात वर केला.

"उज्ज्वला, तुझा मघाचा होमरन धरला. जिंकली तुमी. पळा, एसटी गाठा."

"अन् कप?"

"कप साहेबांच्या गाडीत हाय."