नावं बदलून

शरयूवहिनींचा हिशेब सरळ होता: तेहतीस हजारांचा टीव्ही अकरा हजारांत. अट एवढीच, की घरातलं बोलणं टीव्ही ऐकणार आणि कंपनीचं यंत्र नावं बदलून त्यातून मालिका रचणार. "आमच्या घरात असं घडतंय काय मेलं," म्हणत वहिनींनी अंगठा दिला होता.

आज धाकटी जाऊ कुमुद तो टीव्ही पारखायला आली होती. तिलाही तसाच घ्यायचा होता.

"रंग जरा फिकेच आहेत हो वहिनी."

"भाजी निवडता निवडता बघायला पुरेत. आवाज ऐक किती स्वच्छ आहे."

खरंच स्वच्छ होता. नव्या मालिकेतली बाई सोफ्यावर पाय घेऊन फोनवर सांगत होती, "जावेची मुलगी गुणाची आहे हो, फक्त अधूनमधून फिट येते. माझं नाव सांगू नका. माझी मुलगी मात्र ठणठणीत आहे, पत्रिका पाठवू का?"

वहिनींच्या हातातली गवार हातातच राहिली. चेहरा परका होता, पण शब्द त्यांचेच होते. रिमोट काही सापडेना.

कुमुदच्या मुलीचं, ऋचाचं, ठरलेलं लग्न चैत्रात मोडलं होतं. मुलाकडच्यांनी कारणही दिलं नव्हतं.

"वहिनी," कुमुद हळू आवाजात म्हणाली, "फिट तिला सातवीत एकदाच आली होती, तापात. आम्ही दोघं सोडून ते फक्त तुम्हाला ठाऊक होतं."

वहिनी उशा उचलून रिमोट शोधत राहिल्या. त्यांच्या मुलीचंही त्या मुलाकडे जमलं नव्हतंच. वहिनींना टीव्ही मिळाला, कंपनीला गोष्ट मिळाली. त्या फोनची किंमत ऋचाने मोजली होती, आणि कशाची ते तिला आजवर कुणी सांगितलं नव्हतं.