गुप्तहेराचा खोकला

विक्कीनं जुन्या हेरपटांची टर उडवणारा सिनेमा काढला होता आणि भंडाऱ्याचं सभागृह खदखदून हसत होतं. पडद्यावर ओव्हरकोट घालून गुप्तहेर झालेला प्रविण विषारी चहा पिऊन मरत होता, पण काही केल्या मरेना. खोकायचा, गुडघा धरायचा, खांद्यावरचा दुपट्टा तोंडाला लावायचा आणि पुन्हा उठून पिस्तूल शोधायचा. प्रेक्षकांत बसलेल्या प्रविणच्या शेजारी आई तेवढी हसत नव्हती. दुपट्टा मागच्या वर्षी छातीच्या दुखण्यानं गेलेल्या बाबांचा होता. शूटिंगच्या घाईत खुंटीवरून उचललेला. खोकलाही त्यांचाच, पण तो प्रविणनं आरशासमोर नीट बसवला होता. दिवे लागले. त्याची मान वर होईना. "आई, मले फक्त लोकायले हासवाचं होतं." "हासले ना लोकं," आई म्हणाली. "पण तुये बाबा राती खोकलले का पहिले मायाकडं पाहात, मले जाग तं नाही आली म्हणून."