ओठ नसलेलं फूल

"यशोधन, या फुलाला ओठच नाही रे!" भिंग बाजूला ठेवून शाल्मली मटकन खाली बसली.

खाणीसाठी सडा, म्हणजे गावाजवळचं कातळपठार, फोडला, तेव्हा तिने वाचवलेली एका दुर्मिळ जातीच्या आमरीची, म्हणजे ऑर्किडची, दोनच रोपं आता उरली होती. आमरीची खालची पाकळी ओठासारखी पसरट असते. तिच्यावर उतरूनच मधमाशी आत शिरते. या फुलाच्या सगळ्या पाकळ्या मात्र सारख्या निघाल्या होत्या, चांदणीसारख्या. यशोधनला, तिच्या नवऱ्याला, ते फारच देखणं वाटलं. पण माश्या आल्या, भोवती घुटमळल्या आणि उतरायला जागा न मिळाल्याने निघून गेल्या.

दुसऱ्या रोपाचं जुनं फूल संध्याकाळपर्यंत गळणार होतं. त्यातली परागाची गोळी तिने काडीच्या टोकावर उचलली.

"मनगट धर माझं. ही पडली तर संपलं सगळं."

श्वास रोखून यशोधनने मनगट धरलं. गोळी ओठ नसलेल्या फुलाच्या आत चिकटली.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते फूल पार कोमेजलं होतं. यशोधन हळूच म्हणाला, "गेलं गं."

शाल्मलीने देठ चाचपला आणि तिला रडू कोसळलं.

"नाही रे, फळ धरतंय! पराग लागला नसता, तर ते अजून आठवडाभर टवटवीत राहिलं असतं."